कात्रीने रचलेली बुलफाइट : 'ब्लड अँड सँड' (१९२२) या मूकपटाच्या संकलनाचे प्रकरण

१९२२ च्या पूर्वार्धात हॉलिवूडमधील फेमस प्लेअर्स–लास्की या कंपनीने स्पेनमधील एका मॅटाडोरची, म्हणजे बुलफाइटच्या रिंगणात वळूशी झुंजून त्याला मारणाऱ्या खेळाडूची, कथा पडद्यावर आणायला घेतली. कथा व्हिसेंते ब्लास्को इबान्येझ यांच्या १९०८ सालच्या कादंबरीची होती, पटकथा जून मॅथिस यांची होती, दिग्दर्शन फ्रेड निब्लो यांच्याकडे होते आणि नायकाच्या भूमिकेत रुडॉल्फ व्हॅलेंटिनो होता. आदल्याच वर्षी याच लेखकाच्या दुसऱ्या कादंबरीवरील चित्रपटाने व्हॅलेंटिनोला प्रकाशात आणले होते आणि त्यापाठोपाठ 'द शेक'ने त्याला घराघरांत पोहोचवले होते. आपला नवा चित्रपट स्पेनमध्येच चित्रित व्हावा अशी त्याची फार इच्छा होती. कंपनीने मात्र काम हॉलिवूडमध्येच उरकायचे ठरवले, आणि त्या निर्णयापासून या प्रकरणाची सुरुवात होते. नायक हुआन गायार्दो ज्या रिंगणात नाव कमावतो आणि ज्या रिंगणात मरतो, ते रिंगण, त्यातला वळू, भोवतीचे हजारो प्रेक्षक आणि वळूसमोर उभे राहण्याचे कसब, यातले काहीही स्टुडिओच्या आवारात नव्हते.

यावर जो तोडगा निघाला तो चित्रीकरणाच्या जागी निघाला नाही, संकलनाच्या टेबलावर निघाला. डोरोथी आर्झनर या तरुण संकलिकेने माद्रिदमधील खऱ्या बुलफाइटच्या आधीच उपलब्ध असलेल्या चित्रफितीत व्हॅलेंटिनोचे जवळून घेतलेले तुकडे मिसळून रिंगणातील प्रसंग उभे केले. चित्रपटाच्या इतिहासात ही गोष्ट बहुधा काटकसरीची एक हुशार युक्ती म्हणून सांगितली जाते. ती काटकसर होतीच. परंतु बुलफाइट आणि कॅमेरा यांचे पंचवीस वर्षे न जमलेले गणित या एका प्रकरणात इतके स्पष्ट दिसते, की तिच्याकडे केवळ खर्चाच्या बाजूने पाहणे अपुरे वाटते.

कॅमेऱ्याला न पेलणारा खेळ

आधी खेळाची घडण पाहायला हवी. गोव्यातील धीरयोसारखी ही दोन जनावरांची टक्कर नसते. येथे एका बाजूला माणूस आणि दुसऱ्या बाजूला सुमारे पाचशे किलो वजनाचा वळू असतो, आणि वळूचे मरण आधीच ठरलेले असते. नेहमीच्या बुलफाइटमध्ये तीन मॅटाडोर प्रत्येकी दोन असे सहा वळू मारतात. प्रत्येक वळूमागे साधारण वीस मिनिटे लागतात आणि त्या वेळाचे तीन टप्पे पडतात. पहिल्या टप्प्यात घोड्यावर बसलेले पिकाडोर वळूच्या मानेच्या उंचवट्यात भाला खुपसतात, त्यामुळे त्याची मान खाली येऊ लागते; दुसऱ्या टप्प्यात रंगीत कागदांनी सजवलेल्या काटेरी काठ्या त्याच्या खांद्यांवर रोवल्या जातात; तिसऱ्या टप्प्यात मॅटाडोर लहान लाल कापड, म्हणजे मुलेता, आणि तलवार घेऊन एकटा पुढे येतो. दुपार कलल्यावर खेळ सुरू होतो, तेव्हा रिंगणाचा एक भाग उन्हात आणि एक भाग सावलीत असतो आणि तिकिटांचे दरही त्यानुसार ठरतात.

आता कॅमेरा कोठे ठेवायचा? माद्रिदचे १८७४ साली सुरू झालेले जुने रिंगण तेरा हजारांहून अधिक प्रेक्षक सामावून घेणारे होते आणि मधले वाळूचे वर्तुळ तितकेच मोठे होते. प्रेक्षकांच्या रांगांत उंचावर कॅमेरा मांडला तर सगळे वर्तुळ दिसते. परंतु त्यात माणूस बोटभर उंचीचा दिसतो आणि त्याच्या चेहऱ्यावरची एकही रेघ कळत नाही. लाकडी कठड्याशी खाली कॅमेरा आणला तर दृश्य मोठे होते, पण वळू कॅमेऱ्यासाठी थांबत नाही. तो आपल्याला हव्या त्या कोपऱ्यात जाऊन उभा राहतो आणि झुंज तेथेच रंगते. त्या काळात भिंगे बदलून दूरचे जवळ आणण्याची सोय फारच मर्यादित होती, आणि जड तिकाटण्यावरचा, हाताने फिरवायचा कॅमेरा जनावराच्या वेगाने वळवणे हे स्वतंत्र कसब होते.

म्हणूनच या खेळाची अगदी सुरुवातीची दृश्ये पाहताना एक गोष्ट लक्षात येते. ल्युमिएर बंधूंचा प्रतिनिधी अलेक्झांद्र प्रोमिओ १८९६ साली माद्रिदला गेला, तेव्हा त्याच्या यंत्रात सुमारे १७ मीटर फीत मावत असे आणि ती पन्नासेक सेकंदांत संपत असे. वीस मिनिटांच्या झुंजीतले पन्नास सेकंद निवडायचे, तेही आधीच अंदाज बांधून, कारण फीत संपल्यावर यंत्र उघडून पुन्हा भरेपर्यंत वळू मेलेला असण्याचीच शक्यता अधिक. माद्रिदमधील त्याच्या दृश्यांपैकी एकात टोरेरो मंडळींचे, म्हणजे बुलफाइटच्या खेळाडूंचे, आगमन दिसते. ही निवड सावध आणि शहाणपणाची होती: आगमन ठरल्या वेळी होते, ठरल्या दिशेने होते आणि त्यात कोणी मरत नाही. अमेरिकेत एडिसन कंपनीच्या माणसांनी १८९८ साली मेक्सिकोतील दुरांगो येथे बुलफाइट टिपली आणि ती 'क्रमांक १, २, ३' अशा सुट्या तुकड्यांत बाजारात आणली. कोणता तुकडा घ्यायचा, किती घ्यायचे आणि कोणत्या क्रमाने दाखवायचे, हे विकत घेणारा खेळवाला ठरवी. बुलफाइटचा पहिला संकलक हा तंबूत किंवा नाट्यगृहात यंत्र चालवणारा खेळवालाच होता, असे म्हणायला हरकत नाही.

आपल्याकडील एक उदाहरण येथे आठवणे अप्रस्तुत होणार नाही. १८९६ साली मुंबईत वॉटसन हॉटेलमध्ये झालेला ल्युमिएरचा खेळ पाहून प्रभावित झालेल्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये दोन मल्लांची कुस्ती चित्रित केली. झुंज तीही होती. परंतु मल्ल कॅमेऱ्याच्या चौकटीत राहायला तयार असतात, जागा आधी आखून देता येते आणि गरज पडली तर डाव पुन्हा करून घेता येतो. वळूशी असा कोणताही करार होत नाही. सुरुवातीच्या छायाचित्रकारांना मुष्टियुद्ध आणि कुस्ती यांचे इतके आकर्षण का वाटले आणि बुलफाइटची चित्रे बहुतांशी मिरवणुकीची, प्रेक्षकांची आणि दूरच्या धावपळीची का राहिली, याचे निम्मे उत्तर येथेच मिळते.

स्टुडिओपुढील वाटा

१९२२ पर्यंत फिती लांब झाल्या होत्या आणि कॅमेरेही सुधारले होते. कंपनीची अडचण मात्र प्रोमिओपेक्षा अवघड होती, कारण प्रोमिओला कोणताही मॅटाडोर चालत होता आणि कंपनीला फक्त व्हॅलेंटिनो चालणार होता. तिकिटे त्याच्या चेहऱ्यावर विकली जाणार होती.

स्पेनला जाण्याची वाट कंपनीने स्वतःच बंद केली होती. ती खुली ठेवली असती तरी मूळ प्रश्न सुटला नसता, कारण माद्रिदच्या रिंगणातही व्हॅलेंटिनोला शिंगांसमोर कोण उभे करणार होते? दोनच वर्षांपूर्वी, १६ मे १९२० रोजी, तालावेरा दे ला रेइना येथे होसेलितो मारला गेला होता. तो त्या काळातील सर्वांत निष्णात मॅटाडोर समजला जाई आणि मरताना त्याचे वय अवघे पंचवीस होते. लहानपणापासून वळूंमध्ये वाढलेल्या माणसाची ही गत, तर काही आठवडे सराव केलेल्या नटाची काय कथा! आणि तो नट कंपनीची सर्वांत मौल्यवान मालमत्ता होता.

दुसरी वाट दुहेरी मुद्रणाची होती. कॅमेरा जागचा हलू न देता भिंगाचा अर्धा भाग झाकायचा, उरलेल्या अर्ध्यात नटाचे चित्रण करायचे, फीत मागे गुंडाळायची आणि मग झाकलेला अर्धा उघडून त्यात वळूचे चित्र उमटवायचे, अशी ती पद्धत. एकाच नटाला दुहेरी भूमिकेत दाखवण्यासाठी मूकपटात ती सर्रास वापरली जाई. तिला एक कडक अट असते: दोन अर्ध्यांच्या मधली अदृश्य रेषा कोणीही ओलांडायची नाही. दोन जुळे भाऊ टेबलाच्या दोन टोकांना बसून बोलत असतील तर ही अट सहज पाळता येते. बुलफाइटचा सगळा जीवच त्या ओलांडण्यात असतो; शिंग कापडातून आणि कंबरेजवळून पार जायला हवे. शिवाय ही पद्धत वेळखाऊ आणि महाग होती, आणि एक अर्धा बिघडला तर दोन्ही टाकावे लागत.

तिसरी वाट पुढे केली आर्झनरने.

डोरोथी आर्झनरचा जन्म १८९७ चा. वडिलांचे हॉलिवूडमध्ये उपाहारगृह होते, त्यामुळे चित्रपटसृष्टीतील माणसे तिला लहानपणापासून माहीत होती. वैद्यकीय शिक्षण अर्धवट सोडून १९१९ साली ती या कंपनीत संहिता टंकलिखित करण्याच्या कामावर लागली; तेथून चित्रीकरणाच्या नोंदी ठेवण्याचे काम आणि मग फीत कापण्या-जोडण्याचे काम असा तिचा प्रवास झपाट्याने झाला. कंपनीच्या रिअलआर्ट या उपशाखेत मुख्य संकलिका म्हणून तिने तीसहून अधिक चित्रपट कापले आणि इतरांना ते काम शिकवलेही. त्या काळात फीत कापणे-जोडणे हे शिवणकामासारखे निमूटपणे करायचे बायकांचे काम समजले जाई, आणि त्यामुळेच अनेक स्त्रिया त्या खोल्यांतून शिरून चित्रपटाच्या रचनेवर हुकमत मिळवू शकल्या, हे नंतरच्या अभ्यासकांनी अनेकदा दाखवून दिले आहे. 'ब्लड अँड सँड'साठी तिला उपशाखेतून मूळ कंपनीत बोलावून घेण्यात आले.

टेबलावर घडलेली झुंज

आर्झनरने पुढे मुलाखतींत सांगितल्याप्रमाणे, दुहेरी मुद्रणाचा बेत बाजूला सारून तिने खऱ्या बुलफाइटच्या चित्रफिती पाहिल्या, त्यातील कामाचे दूरचे तुकडे निवडले आणि त्यांच्यात बसतील असे व्हॅलेंटिनोचे जवळचे तुकडे मुद्दाम घ्यायला लावले. त्यांतील काहींचे चित्रीकरण तिने स्वतःच पार पाडले. या हकिकतीचा बराचसा भाग तिच्याच तोंडून आलेला आहे, हे ध्यानात ठेवले तरी पडद्यावरचा परिणाम तिच्या बाजूने साक्ष देतो.

येथे कामाचा क्रम उलटला आहे. रूढ पद्धतीत दिग्दर्शक चित्रित करतो आणि संकलक त्यातून निवडतो. या प्रकरणात जुनी फीत आधी होती, तिच्यातील निवड आधी झाली, आणि नटाने कोठे पाहायचे, कोणत्या बाजूला वळायचे, हात किती उंच धरायचा, उजेड कोणत्या अंगाने पडायचा, हे त्या निवडीने ठरवले. म्हणजे चित्रीकरणाचे बरेचसे दिग्दर्शन कापणीच्या खोलीतून झाले. या प्रकरणाचे खरे नावीन्य मला येथे दिसते. कसलेले नाव असलेला दिग्दर्शक, महागडा नट आणि मोठा सेट हाताशी असताना प्रसंगाचा आराखडा एका संकलिकेने आणि कोणा अनाम छायाचित्रकारांनी माद्रिदमध्ये घेतलेल्या फितीने आखला.

हे काम हाताने कसे होत असे, तेही पाहण्याजोगे आहे. संकलनाचे मोव्हिओला हे यंत्र १९२४ साली बाजारात आले. १९२२ मध्ये ते नव्हते. संकलक फीत उजेडासमोर धरी, बोटांतून सरकवत चौकट न् चौकट डोळ्यांनी किंवा भिंगातून पाही आणि हालचालीचा वेग मनातल्या मनात लावी. ३५ मिलिमीटरच्या फितीत एका फुटात सोळा चौकटी असतात, आणि सोळा चौकटी म्हणजे मूकपटाच्या मंद गतीत साधारण एक सेकंद. त्यामुळे सराईत संकलकाला वेळ हाताच्या मापाने कळत असे. तुकडा ठरला की कात्रीने कापायचा, एका टोकाचा रासायनिक थर पात्याने खरवडायचा, त्यावर द्रव सिमेंट लावून दुसरे टोक दाबून धरायचे, आणि मग प्रक्षेपणाच्या खोलीत जाऊन जोड पडद्यावर कसा दिसतो ते पाहायचे. फीत नायट्रेटची, म्हणजे ठिणगी पडली तर भडकणारी. जोड पटला नाही तर पुन्हा उकलायचा, आणि प्रत्येक उकलीत एखादी चौकट वाया जायची. जुन्या, मर्यादित लांबीच्या फितीच्या बाबतीत ही नासाडी परवडणारी नव्हती.

दोन देशांत, दोन निरनिराळ्या वेळी, दोन निरनिराळ्या कॅमेऱ्यांनी घेतलेले तुकडे एकाच क्षणाचे वाटावेत यासाठी काही गोष्टी काटेकोर जुळाव्या लागतात. दूरच्या तुकड्यात वळू डावीकडून उजवीकडे धावत असेल तर जवळच्या तुकड्यात नटाची नजरही त्याच दिशेने सरकली पाहिजे, नाहीतर दुसराच वळू आला असे प्रेक्षकाला वाटते. सावली मॅटाडोरच्या डाव्या पायापाशी पडली असेल तर नटाच्या चेहऱ्यावरचे ऊनही उजवीकडून यायला हवे. गतीचा प्रश्न तर आणखी नाजूक होता, कारण कॅमेरे हाताने फिरवले जात आणि प्रत्येक छायाचित्रकाराचा हात वेगळा असे. एकाने हळू फिरवलेली आणि दुसऱ्याने भराभर फिरवलेली फीत शेजारी ठेवली तर प्रसंग जागच्या जागी अडखळतो. पोशाखाची गोष्ट तितकीच अडचणीची. मॅटाडोरच्या अंगावरचा जरीकाम केलेला पोशाख दुरूनही चमकतो आणि त्यावरची नक्षी प्रत्येकाची निराळी असते. त्यामुळे जवळच्या तुकड्यांची चौकट चेहरा, खांदा, हात इतक्यापुरती आवळून घेणे हिताचे होते.

एका बाबतीत मात्र त्या काळच्या फितीची उणीवच मदतीला आली. तेव्हाची रूढ ऑर्थोक्रोमॅटिक फीत लाल रंगाला जवळजवळ आंधळी होती; तांबडे ते तिच्यावर काळे उमटे. मुलेताचा लाल, रक्ताचा लाल आणि वळूच्या अंगाचा काळा हे सगळे गडद राखाडी पट्ट्यात येऊन बसत, आणि माद्रिदच्या कापडाचा लाल हॉलिवूडच्या कापडाच्या लालशी जुळतो की नाही हा प्रश्नच उद्भवत नसे. रंगीत चित्रपटात हीच जोडणी किती कठीण झाली असती, याची कल्पना करता येते.

जवळजवळ याच काळात मॉस्कोमध्ये लेव्ह कुलेशॉव्ह हा चित्रपट-दिग्दर्शक निरनिराळ्या ठिकाणी घेतलेले तुकडे जोडून पडद्यावर एकच सलग जागा निर्माण करता येते, असे प्रयोग करून सिद्धान्त मांडत होता. हॉलिवूडमध्ये तोच निष्कर्ष कोणी मांडला नाही, वापरला. इतिहासलेखनात मॉस्कोच्या प्रयोगांना पाने मिळाली आणि आर्झनरच्या टेबलाला बहुधा एखादी ओळ, हा तोल मला बरोबर वाटत नाही.

काय साधले आणि काय निसटले

खर्च वाचला, हा पहिला लाभ उघड आहे. दुसरा लाभ फारसा बोलला जात नाही. १९२८ पर्यंत पिकाडोरच्या घोड्यांना संरक्षक गादी नसे. वळू त्यांच्या पोटात शिंगे घुसवी आणि कितीतरी घोडे रिंगणातच मरत; स्पेनच्या सरकारने त्या वर्षी गादी सक्तीची केली तेव्हा कुठे हे थांबले. त्याआधीच्या कोणत्याही बुलफाइटचे प्रामाणिक, सलग चित्रण अमेरिकेच्या सामान्य प्रेक्षकाला दाखवणे अशक्य होते. अनेक राज्यांत सेन्सॉर मंडळे कामाला लागलेली होती, न्यू यॉर्कचे मंडळ १९२१ साली स्थापन झाले होते, आणि १९२२ च्या मार्चमध्ये हॉलिवूडने स्वतःच विल हेज यांच्या अध्यक्षतेखाली संघटना उभी करून आपली प्रतिमा सावरायला घेतली होती. तुकड्यातुकड्यांनी रचलेल्या झुंजीत काय दाखवायचे आणि कोठे कात्री लावायची, हे संकलकाच्या हाती राहते. वळू धावतो, व्हॅलेंटिनोचा चेहरा दिसतो, प्रेक्षागृहात बसलेली डोन्या सोल, म्हणजे नायकाला मोहात पाडणारी श्रीमंत स्त्री, दिसते, जमाव उसळतो. मधले जे दाखवायचे नाही ते दोन तुकड्यांच्या फटीत पडते. ज्या कापण्याने नटाचा जीव जपला त्याच कापण्याने प्रेक्षकांची मनेही जपली.

कथेच्या दृष्टीने ही जोडणी शोभूनही दिसते. कादंबरीचा शेवट खरे हिंस्र श्वापद रिंगणात नसून भोवतालच्या आसनांवर गर्जते आहे, या विधानावर होतो. जमावाचे तुकडे झुंजीच्या तुकड्यांमध्ये पेरले की तो अर्थ शब्दांवाचून उमटतो. दूरवरच्या एकाच कॅमेऱ्याने घेतलेल्या सलग चित्रणात जमाव म्हणजे मागची ठिपक्यांची भिंत ठरतो. येथे त्याला चेहरे मिळतात.

निसटले ते काही लहान नाही. बुलफाइटचे मोल अंतरात मोजले जाते. जुन्या पिढीचे सूत्र असे होते की वळू आला की तू बाजूला हो, नाहीतर वळू तुला बाजूला करील. हुआन बेल्मोंते याने १९१० च्या दशकात ते सूत्र मोडले. पाय रोवून, जवळजवळ स्थिर उभे राहून, शिंग आपल्या अंगाला घासून जाईल इतक्या जवळून वळूला वळवायला त्याने सुरुवात केली आणि होसेलितोच्या स्पर्धेत ही शैली त्या खेळाचा मानदंड बनली. जाणकार प्रेक्षक तेव्हापासून काही बोटांचे ते अंतर पाहायला जातो. हे अंतर फक्त एकाच चौकटीत सिद्ध होते. माणूस एका तुकड्यात आणि वळू दुसऱ्यात, असे झाले की अंतराचा पुरावा उरत नाही. उरते ती आपली कल्पना. 'ब्लड अँड सँड' पाहताना दूरच्या तुकड्यात दोघे एकत्र दिसतात, पण तेथे माणसाचा चेहरा ओळखू येत नाही. चेहरा दिसतो तेव्हा वळू नसतो. बुलफाइट माहीत असलेल्या प्रेक्षकाला यात प्रतारणा वाटली असेल तर त्याला दोष देता येणार नाही. त्याच वर्षी स्टॅन लॉरेलने 'मड अँड सँड' नावाचे विडंबन काढले, यावरून नायकाचा तोरा किती सहज चेष्टेचा विषय होण्याजोगा होता तेही कळते.

तरीही निर्णय चुकला असे मला म्हणवत नाही. हा चित्रपट बुलफाइटचा दस्तऐवज नव्हता. गरिबीतून वर आलेल्या, यशाने बहकलेल्या माणसाची ती गोष्ट होती, आणि रिंगणातील प्रसंग एकंदर लांबीच्या मानाने थोडेच आहेत. ज्यांना अंतर पाहायचे होते त्यांच्यासाठी स्पेनमध्ये वेगळे प्रयत्न होतच होते. इबान्येझ यांनी स्वतः माक्स आंद्रे याच्या साथीने याच कादंबरीवर १९१६ च्या सुमारास स्पेनमध्येच चित्रपट केला होता, आणि फ्रेंच अभिनेत्री म्युझिदोरा हिने १९२२ च्या 'सोलेई ए ओम्ब्र'मध्ये घोड्यावरून वळूशी झुंजणारा खराखुरा खेळाडू आंतोनियो कान्येरो यालाच नायक केले. नटाला मॅटाडोर करण्याऐवजी खेळाडूला नट करण्याची ती वाट. तिच्यात चौकट एकच राहते आणि अभिनयाच्या बाजूने तडजोड करावी लागते. दोन्हींपैकी कोणती तडजोड पत्करायची, हे तिकीट कोणाच्या नावावर विकायचे यावर ठरत होते.

चित्रपट ऑगस्ट १९२२ मध्ये प्रदर्शित झाला आणि तुफान चालला. बुलफाइटचे तुकडे प्रक्षेपणाच्या खोलीत पाहून दिग्दर्शक जेम्स क्रूझ प्रभावित झाला आणि त्याने आर्झनरला 'द कव्हर्ड वॅगन' (१९२३) या भव्य चित्रपटाच्या संकलनासाठी मागून घेतले, असे सांगितले जाते. पुढे त्याच्याच 'ओल्ड आयर्नसाइड्स'वरही (१९२६) तिने काम केले. दिग्दर्शन मिळत नसेल तर आपण दुसऱ्या स्टुडिओत जातो, असे तिने कंपनीला बजावले तेव्हा १९२७ साली तिला 'फॅशन्स फॉर विमेन' मिळाला, आणि १९४३ पर्यंत ती हॉलिवूडमध्ये दिग्दर्शन करत राहिली. त्या काळात इतके सलग काम करणारी दुसरी स्त्री दिग्दर्शिका तेथे नव्हती.

याच कथेचा नवा चित्रपट १९४१ मध्ये टेक्निकलर या रंगीत पद्धतीत निघाला, नायक टायरोन पॉवर. लाल आता खरा लाल दिसत होता आणि त्या रंगछायाचित्रणाला ऑस्करही मिळाले. नटाला वळूसमोर उभे करण्याची अडचण मात्र होती तशीच होती. त्यासाठी मेक्सिकोत बुलफाइट शिकून आलेल्या बड बेटिकर या तरुणाला तांत्रिक सल्लागार म्हणून नेमण्यात आले, आणि त्याच कामातून बेटिकरची चित्रपटसृष्टीतील वाटचाल खऱ्या अर्थाने सुरू झाली.